पायोनियरची दोन खाती: घरातला आवाज, गाडीतला आवाज आणि सेगमेंट डेटा कसा वाचायचा

फेब्रुवारी २००९ मध्ये पायोनियर या जपानी कंपनीने एका दमात बरंच काही जाहीर केलं. टीव्ही बनवणं बंद करणार, कंत्राटी धरून जगभरातली सुमारे १०,००० माणसं कमी करणार, आणि मार्च २००९ ला संपणाऱ्या वर्षात सुमारे १३० अब्ज येन निव्वळ तोटा होणार. ते तोट्याचं सलग पाचवं वर्ष. यापुढे कंपनीचा मुख्य आधार गाडीतली इलेक्ट्रॉनिक्स असेल, हेही त्यातच आलं.

दहा वर्षांनी, मार्च २०१९ मध्ये, पायोनियरचा शेअर टोकियोच्या शेअर बाजारातून बाहेर पडला. तोवर टीव्ही गेला होता, डीजेंची यंत्रं विकली होती, घरातलं ऑडिओ दुसऱ्या कंपनीकडे गेलं होतं. हातात राहिला होता तो गाडीचाच धंदा, म्हणजे ज्याला २००९ मध्ये सगळ्यांनी ‘चांगला विभाग’ म्हटलं होतं. आणि कंपनीची रोकड आटली ती याच चांगल्या विभागात.

ही गोष्ट आज घेतोय कारण पीएचडीच्या तयारीत असलेले बरेच जण ‘एखाद्या कंपनीची आर्थिक कामगिरी’ असा विषय घेऊन येतात. मॅनेजमेंट आणि कॉमर्सवाले तर येतातच, पण हल्ली इलेक्ट्रॉनिक्स, स्टॅटिस्टिक्समधून एमएस्सी केलेलेही येतात. पेट पास झालेली असते, आरआरसीसमोर सिनॉप्सिस मांडायचा असतो आणि त्यात एक वाक्य हमखास असतं: कंपनीच्या विभागनिहाय आकड्यांचं विश्लेषण करण्यात येईल. करायला हरकत नाही. पण विभागनिहाय आकडा म्हणजे नेमकं काय मोजलेलं असतं, हे आधी बघू. त्यासाठी पायोनियरइतकं सोयीचं उदाहरण मला दुसरं सापडलेलं नाही.

थोडी ओळख. १९३८ साली नोझोमु मात्सुमोतो यांनी सुरू केलेला हा स्पीकर बनवणारा कारखाना. सत्तरच्या दशकात घरातले हाय-फाय अॅम्प्लिफायर आणि रिसीव्हर यांनी नाव कमावलं. पुढे लेझरडिस्क, गाडीतले कॅसेट आणि सीडी प्लेअर. गाडीत बसवायची जीपीएस नेव्हिगेशन यंत्रणा १९९० मध्येच बाजारात आणणाऱ्या अगदी पहिल्या कंपन्यांपैकी ही एक. आपल्याकडे मात्र पायोनियर म्हटलं की गाडीतला डेकच आठवतो. नवी गाडी घेतली की पूजा करून पहिली फेरी अॅक्सेसरीवाल्याकडे, तिथे काचेच्या कपाटात जे दोन-तीन ब्रँड ठेवलेले असायचे त्यातला एक हा.

तर दोन खाती. वार्षिक अहवालात होम इलेक्ट्रॉनिक्स आणि कार इलेक्ट्रॉनिक्स असे दोन मोठे विभाग असायचे, बाकीचं ‘इतर’मध्ये. दोन हजारच्या दशकाच्या मध्यात चित्र साधारण असं होतं की गाडीचा विभाग कमावतोय आणि घरचा विभाग गमावतोय. इथे थांबलं तर निष्कर्ष तयारच आहे: घरातलं ऑडिओ मेलं, गाडीतलं जगलं. बऱ्याच केस स्टडीत हेच वाक्य थोडं सजवून लिहिलेलं आढळेल.

आता पहिला प्रश्न. ‘घर’ या खात्यात होतं काय?

त्यात स्पीकर आणि अॅम्प्लिफायर होतेच, पण डीव्हीडीची यंत्रंही होती आणि सगळ्यात मोठी उडी होती प्लाझ्मा टीव्हीची. २००४ मध्ये पायोनियरने एनईसीचा प्लाझ्मा पॅनेलचा धंदा विकत घेतला. २००७ मध्ये ‘कुरो’ नावाची टीव्ही मालिका आणली. कुरो म्हणजे जपानीत काळा. प्लाझ्मा पडद्यावर प्रत्येक ठिपका स्वतःचा प्रकाश स्वतः तयार करतो, त्यामुळे ठिपका जवळजवळ विझवता आला तर काळा रंग खरंच काळा दिसतो. त्या काळच्या एलसीडीत मागे दिवा सतत पेटलेला, म्हणून काळ्याचा करडा व्हायचा. चित्राच्या बाबतीत कुरोला तोड नव्हती, असं टीव्हीची परीक्षणं लिहिणारे आजही म्हणतात. पण पॅनेलचा कारखाना ही प्रचंड भांडवल खाणारी गोष्ट. तो पूर्ण क्षमतेने चालला तरच परवडतो, आणि पूर्ण क्षमतेने चालवायला तेवढे टीव्ही विकले जावे लागतात. एलसीडीच्या किमती दर वर्षी घसरत होत्या. मार्च २००८ मध्ये पायोनियरने स्वतः पॅनेल बनवणं थांबवून ते मात्सुशिताकडून (आजचं पॅनासोनिक) घ्यायचं ठरवलं आणि वर्षभरात टीव्हीच सोडला.

म्हणजे होम इलेक्ट्रॉनिक्सचा तोटा हा मुख्यतः पडद्याचा तोटा होता, स्पीकरचा नव्हता. तुमच्या प्रबंधाचा प्रश्न ‘घरगुती ऑडिओची कामगिरी’ असा असेल आणि तुम्ही आकडा होम इलेक्ट्रॉनिक्सचा घेतलात, तर प्रश्न एका गोष्टीबद्दल आणि मोजमाप दुसऱ्याच गोष्टीचं, असं होतं. प्रयोगशाळेत कोणी तापमान विचारलं आणि आपण दाबमापक वाचून दाखवला, तर गाईड बाहेर काढतील. इथे मात्र दोन्ही आकडे येनमध्ये असतात, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. संशोधनपद्धतीच्या पेपरात ‘व्हॅलिडिटी’ या नावाने जे पाठ करतो, ते हेच.

हे असं का होतं, याचं उत्तर लेखा मानकांतच आहे. भारतात इंड एएस १०८, आंतरराष्ट्रीय पातळीवर आयएफआरएस ८. दोन्हींचं सूत्र एकच. कंपनी चालवणारा सर्वोच्च निर्णयकर्ता धंद्याकडे ज्या तुकड्यांत बघतो, तेच तुकडे अहवालात दाखवायचे. एखाद्या तुकड्याची विक्री, नफा-तोटा किंवा मालमत्ता यांपैकी काही एक एकूण आकड्याच्या दहा टक्के किंवा त्याहून जास्त असेल तर तो वेगळा दाखवावाच लागतो. नियम समंजस आहे. पण तो गुंतवणूकदाराला कंपनी संचालकांच्या डोळ्यांनी दिसावी म्हणून केलेला आहे, तुमच्या संशोधन प्रश्नासाठी नाही. उद्या संचालकांनी विभाग बदलले की आकड्यांची मालिका तुटते. जुना आकडा नव्या व्याख्येने पुन्हा मांडतात, पण सहसा फक्त आदल्या वर्षापुरता. म्हणून पंधरा वर्षांची मालिका घेताना प्रत्येक अहवालातली सेगमेंटची टीप वाचावी लागते. कंटाळवाणं काम आहे, पण याला पर्याय नाही. तयार डेटाबेसमधून एक्सेल उतरवून घेतलं तर हे सांधे दिसतच नाहीत.

दुसरी गंमत बेरजेची. समजा, एका काल्पनिक कंपनीची १०० रुपयांची विक्री आहे. त्यातले ६० घरातून, मार्जिन २ टक्के, म्हणजे १.२० रुपये नफा. ४० गाडीतून, मार्जिन ८ टक्के, म्हणजे ३.२० रुपये. एकूण नफा ४.४० रुपये, मार्जिन ४.४ टक्के. पुढच्या वर्षी विक्री तेवढीच, पण वाटणी बदलली: घर २० आणि गाडी ८०. आणि दोन्हीकडे मार्जिन घसरलं, घरात १ टक्का आणि गाडीत ७ टक्के. नफा ०.२० अधिक ५.६०, म्हणजे ५.८० रुपये. एकूण मार्जिन ५.८ टक्के!

पुन्हा बघा. घरातलं मार्जिन घसरलं, गाडीतलं घसरलं आणि कंपनीचं वाढलं. यात हातचलाखी काहीच नाही, फक्त वजनं बदलली. स्टॅटिस्टिक्समध्ये याला सिम्प्सनचा विरोधाभास म्हणतात आणि नेट-सेटच्या तयारीत तो रुग्णालयांच्या किंवा विद्यापीठ प्रवेशांच्या उदाहरणाने शिकवतात. कंपन्यांच्या ताळेबंदात तो रोज घडतो. तोट्यातला विभाग विकणाऱ्या प्रत्येक कंपनीचं एकूण मार्जिन दुसऱ्या दिवशी सुधारलेलं दिसतं, उरलेला विभाग आतून कितीही पोखरत असला तरी. ‘फेररचनेनंतर नफाक्षमता सुधारली’ असं गृहीतक मांडून तुम्ही एकूण मार्जिन तपासायला निघाला असाल, तर उत्तर बरंचसं आधीच ठरलेलं आहे. मग तपासलं काय?

पायोनियरकडे परत. मार्च २००८ ला संपलेल्या वर्षात विक्री सुमारे ७७५ अब्ज येन. मार्च २००९ ला संपलेल्या वर्षात सुमारे ५५९ अब्ज. म्हणजे एका वर्षात साधारण २८ टक्क्यांची घसरण. पुढच्या वर्षी सुमारे ४३९ अब्ज. हे तीन आकडे एका रेषेत मांडले की वाटतं, टीव्ही सोडल्याची किंमत. पण त्याच काळात आणखी दोन गोष्टी चालू होत्या.

एक म्हणजे येन. २००७ च्या मध्यात एका डॉलरला १२० हून जास्त येन मिळत होते, डिसेंबर २००८ मध्ये ९० च्या आसपास. अमेरिकेत २०० डॉलरला विकला जाणारा एक कार स्टीरिओ घ्या. १२० च्या दराने त्याचे २४,००० येन होतात, ९० च्या दराने १८,०००. दुकान तेच, गिऱ्हाईक तेच, किंमत तीच, एकही नग कमी विकला नाही आणि जपानी वहीत विक्री २५ टक्क्यांनी घटली. पायोनियरची बरीच विक्री जपानबाहेर होती, तेव्हा हा परिणाम किरकोळ म्हणून सोडता येत नाही.

दुसरी गोष्ट म्हणजे गाड्यांचा बाजारच कोसळला. क्रायस्लरने एप्रिल २००९ अखेर आणि जनरल मोटर्सने १ जून २००९ ला दिवाळखोरीसाठी अर्ज केला. गाड्याच विकल्या जात नव्हत्या, तर त्यातला स्टीरिओ कुठून विकला जाणार? म्हणजे ज्या क्षणी कंपनी ‘आता गाडीवर भर’ असं म्हणत होती, त्या क्षणी गाडीचा विभागही घसरत होता. घर आणि गाडी यांची तुलना करायला हा काळ सगळ्यात वाईट. दोन्हीकडे एकाच वेळी वेगवेगळ्या कारणांनी पडझड, वर चलनाचा थर. एकाच माइकमध्ये तीन वाद्यं रेकॉर्ड झाली की नंतर वेगळी करायला जो त्रास होतो, तोच इथे.

जाता जाता वर्षाच्या नावाचीही खबरदारी घ्या. जपानी कंपन्यांचं वर्ष आपल्यासारखंच एप्रिल ते मार्च. पण मार्च २००९ ला संपणाऱ्या वर्षाला जपानीत २००८ चं वर्ष म्हणतात आणि पायोनियरच्या इंग्रजी अहवालात त्यालाच २००९ चं आर्थिक वर्ष म्हटलेलं असायचं. एक स्रोत हा, दुसरा तो, असं करून मालिका जुळवली तर सप्टेंबर २००८ चं संकट एक वर्ष पुढे-मागे सरकतं. मग रिग्रेशन कितीही सुंदर चालवा.

आणखी एक फरक निव्वळ आणि परिचालन तोट्याचा. २००९ चा १३० अब्जांचा आकडा सगळीकडे उद्धृत होतो कारण तो मोठा आहे. पण तो निव्वळ तोटा. रोजच्या धंद्यातून झालेला परिचालन तोटा त्याहून बराच लहान होता. उरलेला भाग म्हणजे कारखान्यांची वहीतली किंमत खाली आणणं, माणसं कमी करण्याचा खर्च, असल्या गोष्टी. विभागनिहाय तक्त्यात साधारणपणे परिचालन आकडाच असतो. म्हणून विभागांची बेरीज केली आणि ती मथळ्यातल्या तोट्याशी जुळली नाही, तर घाबरू नका. जुळली असती तर काळजीचं होतं.

आता मला ज्याबद्दल खरं बोलायचंय ते: ‘गाडी’ हे खातं.

बाहेरून एक दिसणाऱ्या या विभागात दोन पूर्ण वेगळे धंदे होते. पहिला म्हणजे दुकानात विकला जाणारा डेक, स्पीकर, सबवूफर, नेव्हिगेशन. इथे गिऱ्हाईक म्हणजे गाडीचा मालक. तो ब्रँड बघून घेतो, आणि विकलेल्या प्रत्येक नगाबरोबर पैसे येतात. याला आफ्टरमार्केट म्हणतात. दुसरा धंदा म्हणजे गाडी कारखान्यातून बाहेर पडतानाच बसवलेली यंत्रणा. इथे गिऱ्हाईक म्हणजे टोयोटासारखी गाडी कंपनी. ती वर्षानुवर्षांचं कंत्राट देते, किंमत घासून घासून खाली आणते आणि प्रत्येक मॉडेलसाठी वेगळं सॉफ्टवेअर, वेगळा पडदा, वेगळ्या चाचण्या मागते.

दोन्हींच्या पैशाचं घड्याळ वेगळं आहे. दुकानातल्या डेकमध्ये खर्च आणि वसुली यांत काही महिन्यांचं अंतर. कारखान्याच्या कंत्राटात आज इंजिनीअर कामाला लावायचे, दोन-तीन वर्षं सॉफ्टवेअर लिहायचं, चाचण्या करायच्या आणि गाडी रस्त्यावर आली की मग नगामागे पैसे सुरू. म्हणजे जितकी जास्त कंतराटं मिळतील, तितका सुरुवातीचा खड्डा मोठा. ऑर्डर बुक भरलेलं आणि तिजोरी रिकामी, हे इथे एकाच वेळी खरं असू शकतं. शेतकऱ्याच्या घरातल्याला हे वेगळं समजवायला नको. पेरणीचा खर्च जूनमध्ये आणि ऊस जातो पुढच्या वर्षी, मधला काळ काढायचा कशावर?

पायोनियरमध्ये या दोन धंद्यांचा तोल सरकत गेला. गाडी कंपन्यांनी चांगला पडदा आणि आवाज आधीच बसवून द्यायला सुरुवात केली, तशी दुकानात डेक घ्यायची गरज कमी झाली. नव्या गाड्यांत तर आकाराने चौकोनी, काढता-घालता येणारा डेकच राहिला नाही, सगळं डॅशबोर्डमध्ये विरघळलेलं. दुसरीकडून मोबाईल आला. गूगलने २००९ मध्ये अमेरिकेत फोनवरचं वळणावळणाचं नेव्हिगेशन फुकट द्यायला सुरुवात केली, २०१४ मध्ये अॅपलचं कारप्ले आलं, पाठोपाठ अँड्रॉइड ऑटो. कारप्ले चालणारे डेक बाजारात आणणाऱ्या पहिल्या कंपन्यांत पायोनियर होती, म्हणजे कंपनी झोपली होती असं मुळीच नाही. पण महागड्या नेव्हिगेशन यंत्राची जागा फोनने घेतली की त्या यंत्राच्या किमतीतला मलईचा भाग जातो, मग तुम्ही फोन जोडायची सोय कितीही चांगली द्या.

आणि हे सगळं ‘कार इलेक्ट्रॉनिक्स’ या एका ओळीत. विक्रीचा आकडा बऱ्यापैकी टिकलेला दिसतो, पण त्याखाली झटपट पैसा देणारा धंदा आक्रसतोय आणि उशिरा पैसा देणारा फुगतोय. माझ्या मते पायोनियरच्या शेवटच्या दशकाचं सगळ्यात महत्त्वाचं सत्य हे आहे. ते नफा-तोटा पत्रकापेक्षा रोकड प्रवाहाच्या पत्रकात आधी दिसतं. कंपनीने आफ्टरमार्केट आणि गाडी कंपन्यांना होणारी विक्री यांची वाटणी निकालांच्या निवेदनात दिलेली असते, पण ती मुख्य तक्त्यात नसून मजकुराच्या परिच्छेदात असते. डेटाबेसमध्ये परिच्छेद नसतो.

मधल्या काळातल्या विक्र्याही याच नजरेने बघा. २०१४ मध्ये डीजे यंत्रांचा धंदा केकेआर या गुंतवणूक संस्थेला सुमारे ५९ अब्ज येनला विकायचं ठरलं. जगभरच्या क्लबांत ज्यांची यंत्रं जवळपास प्रमाण मानली जातात, तो हा धंदा, कमावता. घरगुती ऑडिओ ओन्क्योकडे गेलं, बदल्यात पायोनियरला ओन्क्योचे सुमारे १५ टक्के शेअर मिळाले. दोन्ही व्यवहार मार्च २०१५ मध्ये पूर्ण झाले आणि त्या वर्षी कंपनी निव्वळ नफ्यात दिसली. पण तो नफा विक्रीचा, एकदाच येणारा. आईचे दागिने विकून आलेले पैसे पगारात धरले तर घराचं बजेट झकास दिसतं, तसं.

मार्च २०१८ ला संपलेल्या वर्षात विक्री सुमारे ३६५ अब्ज येन, निव्वळ तोटा सुमारे ७ अब्ज. १३० अब्जांच्या तुलनेत हा आकडा अगदीच मामुली. तरीही त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कंपनीला जाहीर करावं लागलं की आपण पुढे चालू राहू शकू की नाही, याबद्दल गंभीर शंका आहे. कारण म्हणून गाडी कंपन्यांसाठीच्या नेव्हिगेशनचा वाढलेला विकास खर्च सांगितला गेला. सप्टेंबरमध्ये बेअरिंग प्रायव्हेट इक्विटी एशियाने २५ अब्ज येनचं तातडीचं कर्ज दिलं आणि डिसेंबरमध्ये एकूण १०२ अब्ज येनचा सौदा जाहीर झाला. सोबत आणखी सुमारे ३,००० नोकऱ्या कमी. आदल्या दिवशी ८८ येनला असलेल्या शेअरचे सामान्य भागधारकांना ६६.१ येन मिळाले.

१३० अब्जांचा तोटा पचवणारी कंपनी ७ अब्जांच्या तोट्यात का विकली जाते? या एका प्रश्नावर चांगला सिनॉप्सिस उभा राहू शकतो, आणि त्याचं उत्तर नफ्याच्या आकड्यांत मिळणार नाही. दरम्यान काय काय विकून झालं होतं, बँका किती वेळ थांबायला तयार होत्या, रोकड किती महिन्यांची होती, हे बघावं लागेल.

मग तुलनेला दुसरी कंपनी हवीच. स्वाभाविक नाव हार्मनचं: घरात जेबीएल आणि हार्मन कार्डन, गाडीत गाडी कंपन्यांसाठीच्या यंत्रणा. २०१४ पासून चाकणला तिचा कारखाना आहे, म्हणजे आपल्याला फारसं परकं नाव नाही. नोव्हेंबर २०१६ मध्ये सॅमसंगने हार्मन सुमारे ८ अब्ज डॉलरला घ्यायचं जाहीर केलं तेव्हा हार्मनची वर्षाची विक्री ७ अब्ज डॉलर होती, त्यातली सुमारे ६५ टक्के गाड्यांशी संबंधित, आणि गाडी कंपन्यांकडची ऑर्डर बुकाची शिल्लक सुमारे २४ अब्ज डॉलर. म्हणजे तोच उशिरा पैसा देणारा धंदा, पण मागे उभा कोण? सॅमसंग. सुरुवातीला निकाल काही चमकले नाहीत. २०२० मध्ये सुमारे ९.१८ लाख कोटी वॉन विक्रीवर परिचालन नफा जेमतेम ०.०६ लाख कोटी. २०२३ मध्ये १४.३९ लाख कोटींवर १.१७ लाख कोटी, म्हणजे साधारण ८ टक्के. मधली वर्षं काढायला खिसा खोल होता.

पण ‘हार्मन जिंकली, पायोनियर हरली’ असं लिहिण्याआधी तक्ता नीट बघा. सॅमसंगच्या निकालांत हार्मन ही एकच ओळ आहे. घर किती, गाडी किती, हे त्या ओळीतून सुटं करता येत नाही. त्यात अधिग्रहणानंतर ब्रँड आणि तंत्रज्ञानाची किंमत हप्त्याहप्त्याने खर्चात टाकली जाते, ती नफा खाली ओढते. शिवाय जुन्या हार्मनचं वर्ष जूनला संपायचं, सॅमसंगचं डिसेंबरला. २०१६ च्या आधीचा आणि नंतरचा नफा एका आलेखावर जोडून काढणं म्हणजे दोन वेगळ्या वजनकाट्यांवर एकाच पोराचं वजन करणं.

जपानी कंपन्याच घेऊ, एकच चलन, एकच आर्थिक वर्ष, असं म्हणाल तर ते जास्त शहाणपणाचं आहे. पायोनियर, अल्पाइन, क्लॅरियन आणि केनवूड. यातली केनवूड २००८ मध्येच जेव्हीसीशी जोडली गेली. उरलेल्या तिघांचं बघा: जानेवारी २०१९ मध्ये अल्पाइन आपल्याच मूळ गटातल्या आल्प्समध्ये विलीन झाली, मार्च २०१९ मध्ये क्लॅरियन फ्रान्सच्या फोरेसियाच्या हाती गेली, आणि त्याच महिन्यात पायोनियर बाजारातून उतरली. तीन महिन्यांत तीन कंपन्यांचा स्वतंत्र सार्वजनिक डेटा बंद.

तुम्ही २००५ ते २०२३ असा काळ धरून ‘सर्व वर्षांचे आकडे उपलब्ध असलेल्या कंपन्या’ ही नेहमीची अट घातलीत, तर या तिघी आपोआप गळतात. उरतात त्या टिकलेल्या, आणि गाडीतलं ऑडिओ हा बऱ्यापैकी स्थिर धंदा आहे, असा निष्कर्ष निघतो. म्हणून सिनॉप्सिसमध्ये काळ २०१९ ला संपवा किंवा बाहेर पडणं हीच घटना अभ्यासायला घ्या. कोणती कंपनी किती वर्षं स्वतंत्र राहिली, आणि बाहेर पडण्याआधीच्या पाच वर्षांत तिच्या गाडी विभागातला कारखाना-कंत्राटांचा वाटा किती होता. त्यासाठी सर्व्हायव्हल अॅनालिसिस शिकावं लागेल. कंपन्या मात्र फार थोड्या आहेत, त्यामुळे मोठ्या मॉडेलच्या नादी न लागता चार केसेस खोलात जाऊन करणं मला जास्त पटतं. जुने वार्षिक अहवाल आताच उतरवून ठेवा. मालक बदलला की गुंतवणूकदारांसाठीची पानं वेबसाइटवरून कधी गायब होतील, सांगता येत नाही. पायोनियरच्या बाबतीत तर पुन्हा मालक बदलण्याची घोषणा झाली: जून २०२५ मध्ये तैवानच्या इनोलक्सच्या कारयूएक्स या उपकंपनीने ती १६३.६ अब्ज येनला घेण्याचं जाहीर केलं. इनोलक्स पडदे बनवते.